फॉकलंड रोडवर सुटाबुटात जेवायला बसलेला माणूस : योर्गन लेथ

उभा_आडवा (धागाकर्ता)

फॉकलंड रोड म्हणजे मुंबईतल्या वेश्यावस्तीचा रस्ता. त्याचं पालिकेच्या पाटीवरचं नाव पठ्ठे बापूराव मार्ग. लावण्या लिहिणाऱ्या शाहिराचं नाव मुंबईत नेमकं या रस्त्याला मिळालं, त्यावर वेगळा धागा होईल. आजचा विषय दुसरा आहे.

या रस्त्यावर पासष्टीच्या आसपासचा एक उंच डॅनिश गृहस्थ काळा सूट घालून टेबलाशी बसलाय. टेबलावर मासा, सोबत शाब्ली वाइन. तो सावकाश, चवीनं जेवतोय. त्याच्या पाठीमागे अर्धपारदर्शक पडदा ताणलाय आणि पडद्यापलीकडे वस्तीतल्या बायका, पोरं, माणसं उभी राहून त्याच्याकडे बघताहेत.

चित्रपटातलं हे दृश्य पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी चिडून लॅपटॉप बंद केला होता. मग हा बाबा कोण ते शोधत गेलो आणि तीन महिने त्यातच अडकलो.

योर्गन लेथ, चित्रपटकार आणि कवी. जन्म १९३७, डेन्मार्कमधलं आर्हुस. सप्टेंबर २०२५ मध्ये, अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी गेला. सुरुवात पत्रकारितेत. आधी 'आक्टुएल्त', मग 'पोलितिकेन' या दैनिकांत समीक्षण, जॅझचं तर खास वेड. १९६२ मध्ये पहिला कवितासंग्रह. पुढच्याच वर्षी दोन मित्रांबरोबर पहिला लघुपट: जॅझ पियानोवादक बड पॉवेल कोपनहेगनमध्ये नुसता चालतोय आणि मागून सॅक्सोफोनवादक डेक्स्टर गॉर्डनचा आवाज. सिनेमाच्या शाळेत लेथ कधी गेला नाही.

मग १९६८ च्या सुमाराचा तो तेरा मिनिटांचा 'परिपूर्ण माणूस'. पांढरीशुभ्र रिकामी खोली. तिला भिंती आहेत की नाहीत तेही कळत नाही. एक पुरुष, एक स्त्री. पुरुष दाढी करतो, नाचतो, पडतो, जेवतो. निवेदक लेथ स्वतःच. प्राणिसंग्रहालयात नव्या आलेल्या जनावराबद्दल सांगावं तसा सांगतो: बघा, तो कसा चालतो, बघा, कसा पडतो. मानववंशशास्त्रज्ञ मालिनोव्स्कीचा प्रभाव लेथ मोकळेपणानं मान्य करायचा. मालिनोव्स्की दूर पॅसिफिकमधल्या बेटांवर जाऊन माणसं बघत होता, लेथ आपल्याच कोपनहेगनकरांकडे तसं बघायला लागला.

पस्तीसेक वर्षांनी डॅनिश दिग्दर्शक लार्स फॉन ट्रायरनं (हा लघुपट वीस वेळा पाहिलाय म्हणतो) लेथला खेळात ओढलं. तू तुझाच सिनेमा पुन्हा पुन्हा कर, दर वेळी अडथळे मी घालणार. २००३ चा 'पाच अडथळे' तो हाच. पहिली अट: कुठलाही शॉट बारा चौकटींपेक्षा लांब नको. सेकंदाला चोवीस चौकटी, म्हणजे अर्धा सेकंद! ज्या माणसाची सगळी कला टक लावून बघण्यात, त्याला डोळे मिचकावत बघायला लावलं. शिवाय चित्रीकरण क्यूबात करायचं आणि सेट बांधायचा नाही. लेथ आधी हबकला, मग असा काही चित्रपट करून आला की ट्रायरच हिरमुसला.

दुसरा अडथळा आपल्या गावचा. जगातल्या सगळ्यात दैन्यवाण्या जागी जा. ती जागा मात्र दाखवायची नाही. पुरुषाची भूमिका तूच कर आणि तो जेवणाचा प्रसंग घे. लेथनं स्वतः होऊन फॉकलंड रोड निवडला. पडद्याआडून माणसं दिसलीच, म्हणून ट्रायरनं नियम मोडल्याचा ठपका ठेवला आणि शिक्षा सुनावली: एकतर मुंबईला परत जाऊन पुन्हा कर, नाहीतर पुढचा चित्रपट पूर्ण स्वातंत्र्यात कर. लेथ म्हणाला, मी तिथं परत जाऊ शकत नाही. मग स्वातंत्र्याची शिक्षा भोगत ब्रसेल्समध्ये तिसरा केला. चौथा व्यंगपटाच्या तंत्रात, कारण दोघांनाही तो प्रकार आवडत नाही. पाचवा ट्रायरनंच बनवला आणि नाव लेथचं लावलं. त्यातलं निवेदन म्हणजे लेथनं ट्रायरला लिहिलेलं पत्र, फक्त ते ट्रायरनं लिहिलंय आणि लेथनं निमूटपणे वाचलंय.

ट्रायरला या माणसाला 'परिपूर्ण'कडून 'माणसा'कडे खेचायचं होतं. मला पडलेला प्रश्न असा की मुंबईत तो पडदा नेमका कुणासाठी होता?

सायकल शर्यतींचे माहितीपट आणि टीव्हीवरचं समालोचन यावर लिहायचं राहिलं. इथं सायकलवाले बरेच आहेत, ते भर घालतील.

---

नट_बोल्ट

शीर्षक वाचून वाटलं लेथ मशीनवर धागा आहे. पुढे मासा आणि वाइन आल्यावर चूक लक्षात आली. 😄

---

आर्हुसकर

उभा_आडवा, चांगला विषय काढलात. गेली अकरा वर्षं इथं राहतोय म्हणून एक दुरुस्ती: आडनाव 'लेथ' नाही, 'लेट'. इथं त्या ह-चा उच्चार कुणी करत नाही. योर्गनमधला ग तर गिळूनच टाकतात. पण डॅनिश लोक अर्धी भाषा गिळतात, त्यामुळे तुम्ही लिहिलंय ते चालेल.

आणखी एक. बाहेरच्या जगाला तो 'पाच अडथळे'वाला म्हणून माहीत आहे. माझ्या ऑफिसातल्या पन्नाशीच्या सहकाऱ्यांना विचाराल तर निम्म्यांनी त्याचा एकही चित्रपट पाहिलेला नसतो. आवाज मात्र सगळ्यांना पाठ. जुलै महिना, टीव्ही २ वाहिनी, तूर द फ्रान्स ही सायकल शर्यत. योर्न मेडर शर्यत सांगायचा, कोण पुढे, कोण मागे, किती सेकंद. आणि लेथ मधूनच कवीसारखा भलतीकडे जायचा. एखाद्या स्वाराच्या पाठीच्या बाकावर बोलेल, डोंगरातल्या उजेडावर बोलेल. १९९६ मध्ये ब्यार्न रीस जिंकला, तूर जिंकणारा पहिला डेन, तेव्हा देशाच्या कानात हीच जोडी होती. अकरा वर्षांनी रीसनं उत्तेजकं घेतल्याची कबुली दिली ते सोडा, त्या उन्हाळ्याचा आवाज काही बदलत नाही.

---

नट_बोल्ट

लेट? म्हणजे लेथ मशीन होतं ते बरं होतं.

---

गिअर_पडला

सायकलवाले म्हणून हाक मारलीत, आलो.

समालोचनावरून आधी एक आठवण. माझे आजोबा रेडिओवर बाळ ज. पंडितांचं क्रिकेट ऐकायचे. मॅचमध्ये काही घडत नसतानाच खरी गंमत यायची म्हणायचे, कारण तेव्हा पंडित मैदान दाखवायचे. सायकल शर्यत तर पाच-सहा तास चालते आणि त्यातले साडेचार तास काहीच घडत नाही. अशा ठिकाणी आकडे सांगणारा दमतो. कवी दमत नाही, त्याचा तो धंदाच आहे.

आता चित्रपट. क्रमानं सांगत नाही, मला आवडतात तसे सांगतो.

सगळ्यात वर 'नरकातला एक रविवार'. (मूळ डॅनिशमध्ये 'नरकातला वसंतदिन' आहे, आर्हुसकर खात्री करतील.) ११ एप्रिल १९७६ ची पॅरिस-रूबे. नाव पॅरिसचं असलं तरी शर्यत तेव्हा शांतीयीहून सुटायची. उत्तर फ्रान्समधले शेतांतले दगडी रस्ते. दगड कसले, धोंडेच. कोरडं असेल तर धुळीनं घसा भरतो, पाऊस असेल तर चिखलात लोळण. लेथनं वीसहून जास्त कॅमेरे लावले, वर हेलिकॉप्टर. आणि एवढा सरंजाम करून पहिलं दृश्य काय? एक मेकॅनिक सायकल साफ करतोय. ब्रशनं, शांतपणे, देवाची भांडी घासावीत तसा. मागे गुन्नर म्योलर पेडरसनचं संगीत. ते गायकवृंदाचं आहे, चर्चमधल्यासारखं.

वाटेत संपकरी मुद्रण कामगार शर्यत अडवतात. दुसऱ्या कुणी तो भाग कापला असता. लेथ तिथंही थांबून बघतो. म्हणजे खेळाच्या चित्रपटात तुम्हाला त्या वर्षीचा फ्रान्सही मिळतो.

सगळ्यांचं लक्ष मर्क्स, दे व्लामिंक, मोझर, मार्टेन्स या दिग्गज स्वारांवर. मार्टेन्स पडतो, बाहेर. आणि जिंकतो कोण? मार्क दमायेर. मार्टेन्सच्याच संघातला, त्याच्यासाठी राबणारा गडी! आता गंमत बघा. दोनच वर्षं आधी लेथनं १९७३ च्या इटलीतल्या जिरो शर्यतीवर जो चित्रपट केला त्याचं नाव 'तारे आणि पाणके'. म्हणजे पुढाऱ्यांना पाण्याच्या बाटल्या पोचवणारे, वाऱ्यापुढे स्वतःची छाती देणारे सहकारी. १९७६ मध्ये कॅमेऱ्यांसमोर एक पाणक्याच जिंकला. हे लिहून आणता येत नाही, त्यासाठी योग्य जागी उभं असावं लागतं. दमायेर १९८२ मध्ये हृदयविकारानं गेला, तिशी जेमतेम ओलांडली होती.

तिसरा कमी लोकांनी पाहिलेला, 'अशक्य तास'. ओले रिटर हा डॅनिश सायकलपटू. एका तासात किती अंतर कापायचं याचा विक्रम १९६८ मध्ये मेक्सिको सिटीत त्याच्या नावावर होता: ४८.६५३ किमी. १९७२ मध्ये तिथंच मर्क्सनं तो ४९.४३१ वर नेला. १९७४ मध्ये रिटर परत गेला, पुन्हा पुन्हा प्रयत्न केले, स्वतःचा जुना आकडा मागे टाकला पण मर्क्सला गाठता आलं नाही. चित्रपटभर एक माणूस गोल गोल फिरतो आणि हरतो. ट्रॅकवर एकटा, समोर प्रतिस्पर्धीच नाही. माझ्या मते 'परिपूर्ण माणूस'चा खरा दुसरा भाग हा आहे. ट्रायरला अडथळे घालायची गरजच नव्हती, लेथनं तीस वर्षं आधी एका हरणाऱ्या माणसाकडे तासभर बघून दाखवलं होतं.

---

लिंबू_लेन्स

गिअर_पडला, प्रतिसाद जपून ठेवला आहे. जोडीला टेनिसपटू टॉर्बन उल्रिकवरचा १९७० चा लघुपटही पाहा. (हो, मेटॅलिकाच्या ड्रमरचे वडील.) बॅले नर्तक पीटर मार्टिन्स, फुटबॉलपटू मिकाएल लाउड्रुप यांच्यावरही त्यानं केलेत. नर्तक असो की गोलंदाज, त्याला एका शरीराची एका कामातली सवय बघायची असते. (गोलंदाज माझ्या पदरचा. त्याला क्रिकेट दाखवायला हवं होतं.)

आणि अँडी वॉरहॉल! १९८२ चा 'अमेरिकेतली ६६ दृश्यं'. त्यात वॉरहॉल कॅमेऱ्यासमोर बसून हॅम्बर्गर खातो. चारेक मिनिटं फक्त खातो. बाटली आपटून केचप काढतो, कागद आवरून ठेवतो. मग बराच वेळ अवघडून बसतो आणि शेवटी आपलं नाव सांगून म्हणतो की मी आत्ताच हॅम्बर्गर खाल्ला. संपलं. आज कुणी अनोळखी माणूस जेवताना लाखो लोक मोबाइलवर बघतात. लेथनं ते तेव्हाच करून ठेवलं होतं, तेही 'सबस्क्राइब करा' न म्हणता.

---

चाळीतली_सुमन

चर्चा छान रंगली आहे, पण धागाकर्त्यानं सुरुवातीलाच जे मांडलं ते सोडून सगळे सायकलवर बसून निघून गेलात.

मी गिरगावात वाढले. फॉकलंड रोड आमच्या बसच्या वाटेवर. आई खिडकीकडे पाठ करून बसायला लावायची. म्हणजे पडदा आमच्याकडेही होता, कापडाचा नव्हता इतकंच. त्यामुळे त्या दृश्यावर मी पटकन नाक मुरडणार नाही. पण 'जगातली सगळ्यात दैन्यवाणी जागा' हे कुणी ठरवलं? कोपनहेगनमध्ये बसून दोन सुखवस्तू पुरुषांनी. पडद्यामागच्या बायकांना कुणी विचारलं का, की बाई, तुझं नाव काय? चित्रपटभर त्यांच्यापैकी एकीलाही नाव नाही. त्या पार्श्वभूमीला लावल्यात.

याच वस्तीवर १९७२ मध्ये नामदेव ढसाळांनी लिहिलं. ते पडद्याच्या त्या बाजूनं लिहिलं. 'गोलपिठा' वाचलेल्या माणसाला लेथचं ते जेवण घशाखाली उतरणं कठीण आहे.

---

उभा_आडवा

सुमनताई, मान्य. मीही म्हणूनच लॅपटॉप बंद केला होता. पण पुन्हा पाहिल्यावर एक गोष्ट लक्षात आली. ट्रायरची अट होती जागा दाखवायची नाही. आज्ञाधारकपणे पाळली असती तर मागे कोरी भिंत आली असती आणि आपण बघितला असता फक्त एक म्हातारा मासा खाताना. लेथनं पडदा अर्धपारदर्शक ठेवला, नियम मोडला आणि स्वतःची लाज चौकटीत आणली. आपल्याला जो राग येतो तो त्याच अर्धवट पारदर्शकपणामुळे येतो. कोरी भिंत असती तर आपण 'वा, काय कल्पना' म्हणून पुढे गेलो असतो.

---

चाळीतली_सुमन

लाज त्याची चौकटीत आली, कबूल. पण ती दाखवायला माणसं माझ्या रस्त्यावरची वापरली. हा हिशोब मला जमत नाही, उभा_आडवा. रागावले नाहीये, फक्त जमत नाही.

---

शंकासुर_७१

पैसा कुठून येतो हो अशा चित्रपटांना? तेरा मिनिटांचा पांढरा रिकामा लघुपट, तिकीट कोण काढणार? आपल्याकडे असल्या कल्पनेला निर्माता चहासुद्धा पाजत नाही.

---

आर्हुसकर

सरकार. लघुपट विकत घेऊन शाळा-वाचनालयांना पुरवणारी सरकारी संस्था इथं दुसऱ्या महायुद्धाआधीपासून होती. १९७२ च्या चित्रपट कायद्यानं डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूट आली आणि गल्ल्याकडे न बघता पैसे देणं रीतसर सुरू झालं. लेथची जवळजवळ सगळी कारकीर्द त्या जिवावर. टीव्हीची नोकरी वर्षातले काही आठवडे, बाकी वेळ चित्रपट आणि कविता.

---

लिंबू_लेन्स

शंकासुर, आपल्याकडेही अगदीच नव्हतं असं नाही. त्याच १९६७-६८ मध्ये पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये प्रमोद पती आणि एस. एन. एस. शास्त्री सरकारी पैशानं काय काय करत होते ते बघा. फक्त ते थिएटरात मूळ सिनेमाच्या आधी लागायचं आणि पब्लिक तेवढ्या वेळात सामोसे घ्यायला जायचं.

---

आर्हुसकर

सुमनताईंच्या मुद्द्याला जोडून एक गोष्ट लिहायलाच हवी. टाळली तर हा धागा आरती होईल.

लेथ बरीच वर्षं हैतीत राहिला, डेन्मार्कचा मानद वाणिज्यदूत होता. २००५ मध्ये आत्मचरित्र आलं, नाव 'अपरिपूर्ण माणूस'. त्यात त्यानं हैतीतल्या आपल्या स्वयंपाक्याच्या सतरा वर्षांच्या मुलीशी असलेल्या संबंधांबद्दल लिहिलं. कबुलीच्या सुरात नाही, हक्काच्या सुरात. देशभर गदारोळ झाला. वाणिज्यदूतपद गेलं, टीव्ही २ नंही काढलं. २००९ मध्ये त्याच वाहिनीनं तूरसाठी परत बोलावलं. लोकांना जुना आवाज परत मिळाल्याचा आनंद झाला आणि माझ्या ओळखीच्या कितीतरी बायकांनी त्या दिवसापासून आवाज बंद करून शर्यत बघितली.

'लेखक म्हणून त्यानं खरं लिहिलं, लपवलं नाही' असा बचाव इथं खूप ऐकला. मला तो पटत नाही. पगार देणारा गोरा साहेब आणि त्याच्या स्वयंपाकघरातली मुलगी, यात खरेपणाचं बक्षीस कसलं मागता?

---

गिअर_पडला

हे मला माहीत नव्हतं. खरंच नव्हतं. वर एवढं मोठं कौतुक लिहून बसलोय.

---

चाळीतली_सुमन

गिअर_पडला, कौतुक पुसू नका. दमायेरचा परिच्छेद अजिबात पुसू नका. पण आता तुमचाच मुद्दा पुढे न्या. सायकलवाल्याकडे टक लावून बघताना तो मोठा कलावंत आहे, कारण सायकलवाला त्याच्या तोडीचा. मर्क्सला वाटलं तर तो कॅमेऱ्याला हाकलून देईल. वॉरहॉल उठून जाईल. फॉकलंड रोडवर आणि स्वयंपाकघरात समोरच्याला उठून जायची सोय नाही. नजर तीच आहे, समोरच्याचा दरवाजा बंद आहे.

---

लिंबू_लेन्स

+१. या वाक्यासाठी धागा वाचनखुणांत.

---

शंकासुर_७१

मग बघायचे की नाही त्याचे चित्रपट? एक काय ते सांगा, रविवार मोकळा आहे.

---

उभा_आडवा

बघा. 'नरकातला रविवार' आधी, 'पाच अडथळे' नंतर.

आणि जमलं तर शेवटी २०१९ चा 'मी चालतो'. जानेवारी २०१० च्या हैतीतल्या भूकंपात जाकमेलमधलं त्याचं घर कोसळलं, तो वाचला. त्यानंतर पाय अडखळायला लागले. या चित्रपटात ऐंशी ओलांडलेला लेथ स्वतःच्या पावलांकडे बघतो. काही भाग मोबाइलवर घेतलाय. 'बघा, तो कसा चालतो' हे निवेदन पन्नास वर्षांपूर्वी ज्यानं तोऱ्यात केलं त्यालाच आता चालणं जमत नाहीये. सुमनताई, हे पाहून तुमचा हिशोब जमेल असं म्हणत नाही, माझाही जमलेला नाही. पण इथं निदान पडद्यामागे दुसरं कुणी नाही.

---

चाळीतली_सुमन

बघते. दुपारी, एकटी असताना.

---

गिअर_पडला

'नरकातला रविवार' काल वडिलांबरोबर परत पाहिला. वडिलांनी बावीस वर्षं सायकलवरून दूध घातलंय, त्यांना शर्यतीतलं ओ की ठो कळत नाही. शर्यत सुरू झाल्यावर डुलक्या काढायला लागले. पण सुरुवातीचा तो मेकॅनिक ब्रश चालवत होता तेव्हा पुढे सरकून बसले होते. म्हणाले, "हा माणूस कामाचा आहे. याचं नाव सांगितलं का रे त्यांनी?"

मी परत मागे नेऊन बघतोय.